व्हॅल लूटन: नाव साहेबांचं, सिनेमा त्याचा (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

हा व्हॅल लूटन कोण?

अमेरिकन लेखक आणि चित्रपटनिर्माता. 1942 ते 1946 या काळात त्याने हॉलिवूडच्या आरकेओ स्टुडिओसाठी 11 चित्रपट केले. त्यातले नऊ भयपट. दिग्दर्शन त्याने एकाचंही केलं नाही. यातल्या दोन चित्रपटांच्या श्रेयनामावलीत लेखक म्हणून तो आहे, पण टोपणनावाने. तरी जाणकार मंडळी या नऊ चित्रपटांना दिग्दर्शकांच्या नावाने ओळखत नाहीत, 'लूटनचे सिनेमे' म्हणतात. कमी पैशांत काढलेल्या, एका तिकिटात दोन सिनेमांच्या दुहेरी खेळात दुसऱ्या क्रमांकावर लावायच्या चित्रपटांच्या निर्मात्याला हा मान क्वचितच मिळतो. तो का मिळाला, हे खालच्या बहुतेक उत्तरांत येईलच.

मूळचा कुठला? हॉलिवूडमध्ये कसा आला?

जन्म 7 मे 1904, काळ्या समुद्रावरच्या याल्टा गावी. तेव्हा तिथे रशियन साम्राज्य होतं. जन्मनाव व्लादिमिर लेव्हेंटन. 1909 मध्ये आई त्याला आणि त्याच्या बहिणीला घेऊन अमेरिकेत आली. आईची सख्खी बहीण म्हणजे आला नाझिमोव्हा, ब्रॉडवेची आणि पुढे मूकपटांची गाजलेली नटी. म्हणजे मावशी तारका आणि आई सिनेमा कंपनीसाठी कथा वाचून शेरे लिहिणारी. मुलगा याच वाटेने जाणार हे उघड होतं.

कोलंबिया विद्यापीठात पत्रकारितेचं शिक्षण झालं. मग वर्तमानपत्रं, मासिकं, एमजीएम या सिनेमा कंपनीच्या न्यूयॉर्क कचेरीत प्रसिद्धीचं काम, आणि फावल्या वेळात कादंबऱ्या. फावल्या वेळात म्हणायचं इतकंच, त्या वेळात त्याने ढीगभर लिहिलं.

त्याची पुस्तकं कशी होती?

बरीचशी पोटासाठी लिहिलेली. झरझर लिहायची, पैसे घ्यायचे, पुढची सुरू करायची. त्यातली 'नो बेड ऑफ हर ओन' (1932) चांगली खपली. महामंदीत नोकरी गेलेल्या मुलीची ती गोष्ट आहे.

पण सिनेमाच्या दृष्टीने महत्त्वाची आहे ती 'द बघीटा' ही छोटी कथा. 'विअर्ड टेल्स' मासिकाच्या जुलै 1930 च्या अंकात ती आली. कॉकेशसच्या डोंगरात एक काळा बिबट्या आहे आणि तो बाईचं रूप घेतो अशी दंतकथा. त्याच्या शिकारीला एक कोवळा पोरगा निघतो. बारा वर्षांनी त्याच्याकडे मांजर होणाऱ्या बाईवरचा सिनेमा आला, तेव्हा हे सगळं मनात आधीच तयार होतं.

सेल्झनिककडे तो नेमकं काय करत होता?

डेव्हिड ओ. सेल्झनिक हा त्या काळातला बडा निर्माता. लूटन त्याच्याकडे कथाविभाग सांभाळायचा: कादंबऱ्या वाचायच्या, कोणती घ्यावी ते सांगायचं, पटकथांची डागडुजी करायची, सेन्सॉरच्या कचेरीशी पत्रव्यवहार करायचा आणि साहेबांच्या लांबच लांब टिपणांना उत्तरं द्यायची. कारकुनी वाटेल, पण निर्मात्याने पटकथेत कुठवर हात घालायचा असतो याचं शिक्षण त्याला इथेच मिळालं. सेल्झनिक प्रत्येक गोष्टीत हात घालायचा. लूटनने तेच उचललं, फक्त आवाज न चढवता.

'अ टेल ऑफ टू सिटीज' (1935) मधली फ्रेंच राज्यक्रांतीची दृश्यं त्याने आणि झाक तूर्नर या तरुण दिग्दर्शकाने मिळून उभी केली. श्रेयनामावलीत दोघांची नावं शेजारी आहेत. ती ओळख पुढे फार कामी आली.

'गॉन विथ द विंड' ही कादंबरी विकत घेऊ नका, असा सल्ला त्याने साहेबांना दिला होता असं सांगतात. सेल्झनिकने ती घेतलीच, आणि तिच्यावरच्या सिनेमात अटलांटाच्या रेल्वे स्थानकाबाहेर जखमी सैनिकांचा समुद्र पसरलेला दिसतो. ते दृश्य म्हणे त्याने गमतीने लिहिलं, इतका खर्च कोण करणार म्हणून, आणि सेल्झनिकने ते खरंच चित्रित केलं. दोन्ही किस्से हॉलिवूडी आहेत, थोडं मीठमसाला धरूनच वाचावेत.

आरकेओने त्याला कशासाठी घेतलं?

1942 मध्ये आरकेओची परिस्थिती बिकट होती. दिग्दर्शक ऑर्सन वेल्सच्या 'सिटिझन केन' आणि 'द मॅग्निफिसंट अँबरसन्स' या दोन चित्रपटांनी नाव मिळवलं, पण पैसा बुडवला. नवा निर्मितीप्रमुख चार्ल्स कर्नर याला कलाबिला नको होती. शेजारच्या युनिव्हर्सल स्टुडिओचे राक्षस आणि लांडगे रग्गड धंदा करत होते. तसलंच काहीतरी स्वस्तात हवं होतं. त्यासाठी एक वेगळा विभाग काढला आणि लूटनला आठवड्याला 250 डॉलर पगारावर त्याचा प्रमुख केलं.

अटी तीन. एक, चित्रपटाचा खर्च 1,50,000 डॉलरच्या आत. दोन, लांबी 75 मिनिटांच्या आत. तीन, शीर्षक वरून येणार. म्हणजे साहेब आधी बाजारात विचारपूस करणार, लोकांना कोणतं नाव आवडतं ते बघणार आणि तेवढं नाव लूटनच्या टेबलावर ठेवणार. त्या नावाला शोभेल असा सिनेमा त्याने काढायचा.

या अटी वाचून बहुतेकांना त्याची कीव येते. मला उलट वाटतं. या तीन गोष्टी पाळल्या की बाकी कोणी ढुंकूनही बघत नव्हतं. पात्रं कोण, गोष्ट कुठे घडते, शेवट सुखाचा की दुःखाचा, हे सगळं त्याच्या हातात. बड्या चित्रपटांच्या निर्मात्यांना एवढी मोकळीक स्वप्नातही नव्हती.

पहिलं नाव कोणतं मिळालं?

'कॅट पीपल'. इतकं बाजारू नाव बघून त्याला धक्काच बसला असणार, त्यातून त्याला स्वतःला मांजरांची भीती वाटायची. पण त्याने तूर्नरला दिग्दर्शनाला बोलावलं, डेविट बोडीन या नव्या लेखकाला हाताशी घेतलं आणि केसाळ मुखवट्याचा नट टाळून भलतीच गोष्ट केली.

इरेना ही न्यूयॉर्कमध्ये राहणारी सर्बियन तरुणी, फॅशनची चित्रं काढणारी. गावाकडच्या दंतकथेवर तिचा विश्वास: आपल्यात वासना जागी झाली तर आपण बिबट्या होऊन समोरच्याला फाडू. लग्न होतं, पण ती नवऱ्याला जवळ येऊ देत नाही. नवरा भला माणूस आहे, तिला मानसोपचारतज्ज्ञाकडे पाठवतो आणि स्वतःचं दुःख कचेरीतल्या मैत्रिणीला सांगत बसतो. आता घाबरायचं कोणासाठी? मैत्रिणीसाठी की इरेनासाठी? 1942 च्या स्वस्त भयपटात हा प्रश्न पडणं हीच नवलाई होती.

डिसेंबर 1942 मध्ये सिनेमा लागला आणि त्याने आरकेओला घसघशीत कमाई करून दिली. लूटनची जागा पक्की झाली.

'लूटन बस' हा काय प्रकार आहे?

याच चित्रपटातलं दृश्य. रात्रीची वेळ. ती मैत्रीण, अॅलिस, सेंट्रल पार्कच्या दगडी भिंतीलगत एकटी चालली आहे. मागून इरेनाच्या टाचांचा आवाज. संगीत अजिबात नाही, फक्त दोघींची पावलं आणि दिव्यांखालचे उजेडाचे तुकडे. मग मागची पावलं थांबतात. अॅलिस पळू लागते, वळून बघते, कोणी नाही. आणि एकदम कानाशी फिस्कारल्यासारखा आवाज: तिच्या पुढ्यात बस येऊन थांबते. आवाज बसच्या ब्रेकचा.

प्रेक्षक खुर्चीतून उडाले. संकलक मार्क रॉबसनने तो आवाज नेमका अशा क्षणी टाकला होता की कानांना आधी जनावर ऐकू येतं आणि मग डोळ्यांना बस दिसते. लूटनने ही युक्ती पुढच्या चित्रपटांत अनेकदा वापरली आणि चित्रपटवाल्यांत तिचं नावच 'बस' पडलं. आजच्या भयपटांत खिडकीवर मांजर उडी मारते किंवा मित्र मागून खांद्यावर हात ठेवतो, त्या सगळ्या प्रकारांची आजी हीच. फरक इतकाच की आज धक्का देतात, त्याआधीची दीड मिनिटांची शांतता द्यायला कोणाला धीर नसतो.

अंधार ठेवला तो पैसे नव्हते म्हणून ना?

काही प्रमाणात, हो. आणि पैशांची अडचण फक्त स्टुडिओचीच नव्हती. युद्ध चालू होतं, एका चित्रपटाच्या नव्या सेटसाठी 5,000 डॉलरपेक्षा जास्त सामान वापरायचं नाही असं सरकारी बंधन होतं. त्यामुळे जुने सेट पुन्हा वापरायचे. इरेनाच्या इमारतीतला तो भव्य जिना 'अँबरसन्स'साठी बांधलेला. रात्रीच्या भाताचा सकाळी फोडणीचा भात करावा तसा हा कारभार, आणि काही वेळा फोडणीचाच भात जास्त चविष्ट झाला.

पण अंधार केवळ काटकसरीचा असता तर शंभर स्वस्त सिनेमे अजरामर झाले असते. छायाचित्रणकार निकोलस मुसुराका उजेड कुठे पडू द्यायचा हे मोजून ठरवायचा. तळघरातल्या पोहण्याच्या तलावाचं दृश्य पाहा: अॅलिस पाण्यात, भिंतींवर पाण्याची हलती झाक, कुठूनतरी गुरगुर. जनावर दिसत नाही, सावलीसुद्धा धड नाही. स्टुडिओने एका प्रसंगात खरा बिबट्या दाखवाच म्हणून हट्ट धरला, तर तूर्नरने तोही अशा उजेडात घेतला की आहे की नाही अशी शंका राहावी. बजेट दुप्पट असतं तरी या लोकांनी तो बिबट्या उजेडात आणला नसता.

तो निर्माता होता, मग लेखक का म्हणता?

कारण प्रत्येक पटकथेचा शेवटचा खर्डा तो स्वतः लिहायचा. आधी लेखकासोबत बसून गोष्ट बांधायची, त्याच्याकडून मसुदे लिहून घ्यायचे, आणि मग रात्री जागून सगळं पुन्हा लिहायचं. कोणता दिवा कुठे, कोणता आवाज कधी, हे त्यातच असायचं. त्यामुळे दिग्दर्शक बदलला तरी सूर बदलत नाही.

श्रेय मात्र घेत नसे. 'द बॉडी स्नॅचर' आणि 'बेडलॅम' या दोनच चित्रपटांवर लेखक म्हणून 'कार्लोस कीथ' हे नाव आहे, तो लूटनच. पूर्वी कादंबऱ्यांसाठी वापरलेलं हे टोपणनाव.

मग दिग्दर्शकांचं काहीच श्रेय नाही का?

असं म्हणणं अन्यायाचं होईल. तूर्नरने त्याच्यासाठी तीन चित्रपट केले आणि नंतर लूटनशिवायही उत्तम काम केलं. 'आउट ऑफ द पास्ट' (1947) हा त्याचाच. रॉबसन आणि रॉबर्ट वाइज हे दोघे आरकेओचे संकलक. दोघांना दिग्दर्शनाची पहिली संधी लूटनने दिली. वाइज पुढे 'वेस्ट साइड स्टोरी' आणि 'द साउंड ऑफ म्युझिक'पर्यंत पोचला. शिवाय रॉय वेबचं संगीत आणि अल्बर्ट डॅगॉस्टिनोचं कलादिग्दर्शन चित्रपटामागून चित्रपटात आहे. टोळी तीच होती आणि एकमेकांची नस ओळखून होती.

भीतीशिवाय या चित्रपटांत आणखी काय आहे?

माझ्या मते खरी श्रीमंती इथेच आहे, म्हणून जरा सविस्तर.

'आय वॉक्ड विथ अ झोंबी' (1943). या नावावर लूटनने चक्क 'जेन एअर' ही कादंबरी बेतली. वेस्ट इंडीजमधलं काल्पनिक सेंट सबॅस्टियन बेट, उसाच्या मळ्याचा मालक, त्याची भान हरपलेली बायको आणि तिची शुश्रूषा करायला आलेली परिचारिका. परिचारिका बेटाच्या सौंदर्याने हरखते, तर तिला नेणारा गाडीवान शांतपणे सांगतो की आमच्या पूर्वजांना साखळदंड घालून इथे आणलं. वाड्याच्या अंगणात गुलामांच्या जहाजावरची बाणांनी विद्ध संताची मूर्ती उभी आहे. इथे मूल जन्मलं की लोक रडतात. दुसऱ्या महायुद्धाच्या ऐन मध्यात, झोंबीचं नाव लावलेल्या 69 मिनिटांच्या सिनेमात गुलामगिरीची ही आठवण आहे, आणि ती कोणी भाषण करून सांगत नाही.

'द लेपर्ड मॅन' (1943). न्यू मेक्सिकोतलं गाव, सुटलेला बिबट्या. आई पोरीला रात्री मक्याचं पीठ आणायला पिटाळते. पोरगी घाबरते, आई ऐकत नाही. परत येताना पोरगी दार ठोठावते, ओरडते. आईला वाटतं नाटक करतेय. मग दाराखालून रक्ताचा ओघळ आत येतो. कॅमेरा घराच्या आतच आहे, बाहेर काय झालं ते आपण पाहतच नाही. या चित्रपटाची एकूण रचना विस्कळीत आहे, हे मान्य. पण हे दृश्य एकदा पाहिलं की जात नाही.

'द सेव्हन्थ व्हिक्टिम' (1943) हा माझा आवडता. बेपत्ता बहिणीला शोधत एक शाळकरी मुलगी न्यूयॉर्कला येते (किम हंटरचा हा पहिला चित्रपट) आणि सैतानपूजकांच्या एका मंडळापर्यंत पोचते. ही मंडळी कशी, तर चहा पिणारी, सभ्य, कंटाळलेली. भाड्याच्या खोलीत गळफास आणि त्याखाली खुर्ची मांडून ठेवलेली ती बहीण, मरण हाताशी आहे एवढ्या आधारावर जगणारी. शेवट सांगत नाही. एवढंच सांगतो, तो शेवट सेन्सॉरच्या नजरेतून सुटला कसा याचं आजही आश्चर्य वाटतं.

आणि 'द कर्स ऑफ द कॅट पीपल' (1944): नाव मांजरीच्या शापाचं, गोष्ट एका एकलकोंड्या लहान मुलीची आणि तिच्या काल्पनिक मैत्रिणीची. वाढदिवसाची निमंत्रणं झाडाच्या ढोलीत टाकली की पोस्टाने पोचतात असं तिला वाटतं. हा प्रसंग लूटनच्या स्वतःच्या बालपणातला. नाव बदलून 'एमी अँड हर फ्रेंड' करा अशी त्याने विनवणी केली, साहेबांनी ऐकलं नाही. रक्तपात बघायला आलेल्या प्रेक्षकांची काय अवस्था झाली असेल!

'द घोस्ट शिप' इतकी वर्षं कुठे गायब होता?

कोर्टात. 1943 च्या शेवटी तो लागला. खुनशी कप्तान आणि त्याच्यावर संशय घेणारा तरुण अधिकारी, ज्याच्यावर कोणी विश्वास ठेवत नाही. आपल्या नाटकावरून ही गोष्ट उचलली असा दावा दोन लेखकांनी लावला आणि लूटन हरला. आरकेओने चित्रपट काढून घेतला, तो पुन्हा सर्रास बघायला मिळाला 1990 च्या दशकात. उचलल्याचा आरोप त्याला शेवटपर्यंत मान्य नव्हता. फटका पैशांचा आरकेओला बसला, मनाचा त्याला.

बोरिस कार्लॉफ त्याच्याकडे कसा आला?

वरून लादला गेला. स्टुडिओने 'फ्रँकेन्स्टाइन'फेम कार्लॉफशी करार केला आणि लूटनला वाटलं, आता आपल्याला मुखवटेवाले सिनेमे काढावे लागणार. झालं उलटंच. कार्लॉफ त्या राक्षसाला स्वतःच विटला होता. लूटनने त्याला माणसाच्या भूमिका दिल्या आणि कार्लॉफने ते ऋण पुढे मोकळेपणाने मान्य केलं.

'द बॉडी स्नॅचर' (1945), स्टीव्हन्सनच्या कथेवरून. एडिंबरामधला प्रेतं पुरवणारा गाडीवान ग्रे हे कार्लॉफचं सर्वोत्तम काम आहे असं मी बिनदिक्कत म्हणेन. रस्त्यावर गाणारी मुलगी कमानीखालच्या अंधारात जाते, मागून ग्रेची घोडागाडी जाते. गाणं चालू आहे. मग ते मध्येच थांबतं. बस, तेवढंच.

'आयल ऑफ द डेड' (1945) मध्ये साथीमुळे एका ग्रीक बेटावर अडकलेली माणसं आहेत. 2020 नंतर तो पाहताना हसू येत नाही. 'बेडलॅम' (1946) लंडनच्या वेड्यांच्या इस्पितळावरचा, इंग्रज चित्रकार हॉगार्थच्या चित्रावरून सुचलेला, आणि हॉगार्थला श्रेयही दिलेलं. अभ्यास दांडगा, पण माझ्या चवीला थोडा पुस्तकी.

मोठे चित्रपट करायची संधी त्याला मिळाली नाही का?

मिळाली होती. 'द सेव्हन्थ व्हिक्टिम'च्या वेळी स्टुडिओ त्याला वरच्या श्रेणीत न्यायला तयार होता. पण दिग्दर्शक म्हणून नवख्या रॉबसनला घ्यायला नकार मिळाला. रॉबसनला शब्द दिलाय म्हणून लूटनने बढती सोडली.

भयपटांबाहेर त्याने आरकेओत दोन प्रयत्न केले. मोपासांच्या कथांवरचा 'मादमोझेल फिफी' आणि भरकटलेल्या मुलांवरचा 'यूथ रन्स वाइल्ड', दोन्ही 1944 चे. दोन्ही चालले नाहीत.

आरकेओ सोडल्यावर काय झालं?

घसरण. 1946 च्या सुरुवातीला कर्नर वारला आणि पाठीशी घालणारा माणूस गेला. लूटनची तब्येतही तोवर ढासळू लागली होती, हृदय साथ देईना. पॅरामाउंटसाठी 'माय ओन ट्रू लव्ह', एमजीएमसाठी 'प्लीज बिलीव्ह मी' (1950): पैसा जास्त, तारे मोठे, आणि लूटन कुठे दिसत नाही. ज्या मोठ्या बजेटची त्याला आस होती ते आल्यावर वरून लक्ष ठेवणारे डोळेही आले. रॉबसन आणि वाइजबरोबर स्वतःची कंपनी काढायचं ठरलं होतं, तेही फिसकटलं, आणि ते त्याला लागलं.

शेवटचा चित्रपट युनिव्हर्सलसाठी, 'अपाचे ड्रम्स' (1951), एक वेस्टर्न. गावकरी रात्री चर्चमध्ये कोंडलेले, बाहेर नगारे, उंच खिडक्यांतून एकदम आत उडी घेणारे हल्लेखोर. पुन्हा तोच जुना लूटन, फक्त घोड्यांसकट. 14 मार्च 1951 रोजी लॉस एंजेलिसमध्ये हृदयविकाराने तो गेला. वय 46.

आज त्याला कोण मानतं?

समीक्षक जेम्स एजीने त्याच्या हयातीतच त्याची बाजू घेतली. 'द बॅड अँड द ब्यूटिफुल' (1952) मध्ये एक निर्माता मांजर-माणसांचा स्वस्त सिनेमा काढताना दिवे घालवतो आणि अंधारातच भीती शोधतो. तो प्रसंग सरळ लूटनवरून घेतलेला. मार्टिन स्कॉर्सेसीने 2007 मध्ये त्याच्यावरच्या माहितीपटाची निर्मिती केली आणि निवेदनही स्वतः केलं.

सुरुवात कोणत्या चित्रपटाने करावी?

आधी 'कॅट पीपल', मग 'झोंबी', मग 'द बॉडी स्नॅचर'. 'द सेव्हन्थ व्हिक्टिम' चौथा ठेवा, त्याचा सूर कानात बसायला वेळ लागतो. बहुतेक सगळे सव्वा तासाच्या आसपास संपतात, तेव्हा एका रात्रीत दोन सहज होतात. खोलीतले दिवे बंद करा आणि मोबाइलवर पाहू नका, काळ्याच्या इतक्या छटा त्यावर दिसत नाहीत. शोधताना साल 1942 आहे ना ते तपासा; त्याच नावाचा पॉल श्रेडरचा 1982 चा रंगीत 'कॅट पीपल' हे वेगळंच प्रकरण आहे, तो मुलाबाळांसमोर लावाल तर पंचाईत होईल.